काळ थांबविणारा किल्ला

कल्पनेतील गोष्टीस भाकडकथा म्हणून हिणविण्याची आपल्याकडे जुनी चाल आहे. आणि हिणविणाऱ्यांत मीही एक होतो, हे आरंभीच कबूल केलेले बरे. गेल्या पावसाळ्यात नववीच्या वर्गास मी ‘माझा आवडता किल्ला’ हा विषय निबंधासाठी दिला होता. बहुतेकांनी रायगड घेतला, काहींनी शिवनेरी, आणि दोघातिघांनी आपल्या पनवेल तालुक्यातील कर्नाळा. एका विद्यार्थ्याने मात्र असा किल्ला घेतला की, तो कोणत्याच नकाशावर सापडावयाचा नाही.

त्याचा किल्ला खाडीच्या मध्यभागी आहे. ओहोटी लागली म्हणजे तेथवर जाण्याची वाट उघडी पडते. दरवाजावर पहारा नाही. आत देवडीवर एक म्हातारा किल्लेदार पाण्याने भरलेले घंगाळ पुढे घेऊन बसला आहे व त्या घंगाळात तांब्याचे घटिकापात्र तरंगत आहे. आजच्या मुलांना हे पात्र ठाऊक नसेल म्हणून सांगतो: त्याच्या बुडाशी बारीक भोक असते, त्यातून पाणी हळूहळू आत येते, आणि चोवीस मिनिटांनी पात्र बुडते. पात्र बुडाले की एक घटका झाली. अशा साठ घटकांचा एक अहोरात्र. घड्याळे येण्यापूर्वी आपले पूर्वज याच साधनाने मुहूर्त साधीत असत. आता आमच्या या विद्यार्थ्याच्या किल्लेदाराने काय केले, तर पात्राचे भोक मेणाने बुजवून टाकले! पात्र बुडेना, घटका भरेना, आणि किल्ल्याच्या तटाच्या आत काळ जागच्या जागी उभा राहिला. बाहेर शंभर वर्षे लोटली. आत एक पळही सरले नाही. आणि एवढी जादू करून त्या किल्ल्यात जपून काय ठेवले होते? तोफा नव्हेत, खजिना नव्हे. तटाच्या आत होते एका आजोबांचे भाताचे शेत, त्याच्या कडेचा खारीचा बांध आणि भरतीचे पाणी अडविणारी उघाडी.

मी तांबड्या शाईने ‘विषय सोडून’ असा शेरा मारला व दहांपैकी तीन गुण दिले.

आठवड्याने त्या मुलाचे वडील वही घेऊन शाळेत आले. गुणांची तक्रार असेल, असे मला वाटले. परंतु ते म्हणाले, “गुरुजी, तीन गुण दिलेत हेच जास्त झाले. दहावी तोंडावर आली आणि हा असल्या जादूच्या गोष्टी लिहीत बसतो. तुम्हीच त्याला दोन शब्द सांगा.” मी मान डोलावणार होतो, इतक्यात सहज विचारले, “हे शेत कुणाचे लिहिले आहे त्याने?” त्यांनी वहीत पाहिले, शेवटचे पान पुन्हा वाचले, आणि म्हणाले, “आमचेच. रस्त्यात गेले ते.” पुढे ते काही बोलले नाहीत. वही मिटून, नमस्कार करून गेले.

तेव्हापासून या प्रश्नाचा मी विचार करीत आहे. मुलांनी असले किल्ले बांधावेत की नाहीत? आणि बांधले, तर वडीलधाऱ्यांनी त्यांकडे कोणत्या दृष्टीने पाहावे? या वार्षिकांकाच्या पानांतून विद्यार्थी व पालक या दोघांशीही बोलता येते, म्हणून माझे मत येथे मांडीत आहे.

प्रथम पालकांच्या आक्षेपाविषयी. कल्पनेतील किल्ला खोटा, म्हणून तो त्याज्य, असे म्हणावयाचे तर आपल्या ग्रंथसंग्रहातील बरीच पुस्तके बाहेर टाकावी लागतील. आम्हां ख्रिस्ती लोकांच्या घरी पवित्र शास्त्राच्या खालोखाल जे पुस्तक पिढ्यान्‌पिढ्या वाचले गेले, ते जॉन बन्यनचे. बेडफर्डच्या तुरुंगात त्याने ते लिहावयास घेतले. १६७८ साली ते छापले गेले, आणि १८४१ साली हरि केशवजी यांनी ‘यात्रिक क्रमण’ या नावाने ते मराठीत आणले. त्या ग्रंथात संशयाचा एक किल्ला आहे आणि निराशा नावाचा एक राक्षस त्याचा धनी आहे. दोघे यात्रेकरू त्याच्या अंधारकोठडीत बुधवार सकाळपासून शनिवार रात्रीपर्यंत खितपत पडतात; आणि मग त्यांतील एकाच्या ध्यानात येते की, सर्व कुलपे उघडणारी किल्ली आपल्या उराशीच आहे. त्या किल्लीचे नाव वचन. हा किल्ला कोणत्याही देशात नाही. परंतु ज्याने एकदा तरी निराशेत चार दिवस काढले आहेत, तो त्यास खोटा म्हणणार नाही.

मराठी वाचकासही असले किल्ले नवे नाहीत. १८६१ साली ‘मुक्तामाला’ आणि १८६८ साली ‘मंजुघोषा’ या अद्भुतरम्य कादंबऱ्या निघाल्या व लोकांनी त्या आवडीने वाचल्या. हिंदीत देवकीनंदन खत्री यांच्या १८८८ च्या ‘चंद्रकांता’ने तिलिस्मांचे म्हणजे जादूने बांधलेल्या वास्तूंचे वेड लाविले. आजची मुले तीच हौस मोबाईलच्या पडद्यावर भागवितात. सारांश, अद्भुताची ओढ हा या पिढीचाच काही विशेष दोष नव्हे. ती मनुष्याच्या स्वभावात आहे, आणि स्वभाव देणाऱ्याने ती विनाकारण दिली असेल असे मला वाटत नाही.

मग माझा आक्षेप कशास आहे? फुकटच्या जादूस. पडद्यावरील खेळात वीर मेला तर बोटाच्या एका स्पर्शाने काळ मागे फिरतो, वीर पुन्हा उभा राहतो, आणि झालेली चूक झालीच नाही असे होते. त्या मागे फिरलेल्या काळाचे मोल कोणी दिले, हा प्रश्न तेथे कोणी विचारीत नाही. आपल्या जुन्या कथाकारांनी मात्र काळाशी खेळण्याच्या गोष्टी सांगताना हा प्रश्न कधी टाळलेला नाही.

भागवतातील ककुद्मी राजाची कथा पाहा. त्याची राजधानी कुशस्थळी. कन्या रेवती हिला योग्य वर कोण, हे विचारण्यास तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे गायन चालले होते, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्याने प्रश्न केला, तेव्हा ब्रह्मदेव हसले. राजाने मनात योजिलेले सारे वर, त्यांचे पुत्र, त्यांचे नातू केव्हाच काळाच्या पोटात गेले होते. त्या एका क्षणात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली होती! राजा परत आला, तो नगरी आप्तांनी केव्हाच सोडलेली. रेवतीस बलरामासारखा पती मिळाला हे खरे. परंतु ककुद्मीस त्याचे जग पुन्हा मिळाले नाही. काळाच्या बाहेर उभा राहणारा मनुष्य आपल्या माणसांच्याही बाहेर पडतो, हा या कथेचा अर्थ मला दिसतो.

दुसरी कथा पवित्र शास्त्रातील. यहूदाचा राजा हिज्कीया याने यरुशलेमेची तटबंदी केली, आणि वेढ्यात पाणी तुटू नये म्हणून खडकातून नळ खोदून झऱ्याचे पाणी शहरात आणले. सुमारे ५३३ मीटर लांबीचा तो बोगदा आजही तेथे आहे. इसवी सनापूर्वी ७०१ साली अश्शूरच्या सन्हेरीबाची स्वारी आली, त्या काळचा हा राजा. तो मरणोन्मुख झाला, तेव्हा त्याने भिंतीकडे तोंड फिरवून अश्रू ढाळीत प्रार्थना केली. देवाने त्यास पंधरा वर्षे वाढवून दिली, आणि खूण म्हणून आहाजाच्या पायऱ्यांवरील छाया दहा पायऱ्या मागे हटली. किल्ला आहे, आणि त्यात काळ मागे फिरला आहे. आमच्या विद्यार्थ्याच्या गोष्टीस याहून जवळचे दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही. पण वाचक पुढचे अध्याय वाचीत नाहीत. त्या वाढीव वर्षांत बाबेलचे दूत आले, आणि राजाने गर्वाने आपला सारा खजिना त्यांस उघडून दाखविला. तो सर्व बाबेलास नेला जाईल, असे यशया संदेष्ट्याने त्याच क्षणी सांगितले. त्याच वर्षांत मनश्शेचा जन्म झाला. हिज्कीयामागून तो बाराव्या वर्षी गादीवर बसला आणि त्याने यरुशलेम निरपराध्यांच्या रक्ताने भरून टाकले. वाढवून मिळालेला काळ ही देणगीच होती. परंतु त्या काळाचे काय करावे, याची जबाबदारी देणाऱ्याने राजावरच ठेविली होती.

आता आपल्या सह्याद्रीकडे येऊ. मुलांनो, तुम्ही किल्ल्यांच्या सहलींना जाता, बुरूज मोजता, छायाचित्रे काढता. परंतु किल्ला म्हणजे नुसते दगड नव्हेत. किल्ल्याचा कारभार वेळेवर चाले. सूर्यास्तास दरवाजे बंद झाले की ते सकाळपर्यंत उघडत नसत. रायगडावरील हिरकणीची आख्यायिका तुम्हां सर्वांस ठाऊक आहे. दूध घालण्यास गडावर आलेल्या त्या गवळणीस उशीर झाला, दरवाजे मिटले, आणि खाली घरी तान्हे मूल एकटे. तिच्याजवळ घटिकापात्राचे भोक बुजविण्यास मेण नव्हते. सूर्य मागे फिरावा असा मंत्र नव्हता. ती काळोखात कडा उतरली. अंग ओरबाडले गेले, पण मूल उपाशी राहिले नाही. आजही त्या जागेस हिरकणीचा बुरूज म्हणतात.

आणि विशाळगडाची वाट? १६६० च्या जुलैत पन्हाळ्याच्या वेढ्यातून शिवाजी महाराज निसटले, शत्रू पाठीवर आला, तेव्हा बाजीप्रभू देशपांडे यांनी घोडखिंड अडवून धरली. महाराज गडावर पोहोचल्याच्या तोफा ऐकू येईपर्यंत खिंड सोडावयाची नाही, एवढाच करार. त्यांस किती वेळ हवा होता? काही प्रहर. तो वेळ त्यांनी व त्यांच्या बांदल वीरांनी आपल्या देहांच्या मोलाने मिळविला, म्हणून त्या घोडखिंडीची पावनखिंड झाली. काळ थांबविणे यास म्हणतात.

प्रेषित पौलाने इफिसकरांस लिहिलेल्या पत्रात वेळेसंबंधी जो मूळ ग्रीक शब्द योजिला आहे, तो बाजारातील आहे. मोल देऊन सोडवून घेणे, असा त्याचा अर्थ. गहाण पडलेला दागिना सोडवावा तसा काळ सोडवावा लागतो. हिरकणी आणि बाजीप्रभू यांनी हे पत्र वाचलेले नव्हते. परंतु त्या शब्दाचा अर्थ त्यांच्याइतका स्पष्ट मला कोणत्याही टीकाग्रंथाने समजाविला नाही.

येथे कोणी म्हणेल की, ही शिकवण नावड्याच्या मुलांस कशास? मी म्हणतो, नावड्याच्या मुलांसच ती अधिक हवी. कारण काळाची जादू त्यांनी डोळ्यांदेखत पाहिली आहे. १९७० साली सिडकोची स्थापना झाली आणि ९५ गावांच्या जमिनीवर नवे शहर वसविण्याचे ठरले. ज्या शिवारात भात डोलत होते तेथे वसाहती उठल्या. शेजारी तळोज्यास कारखाने आले. २०१६ साली पनवेल महानगरपालिका झाली. उलव्याची टेकडी कापली गेली, नदीचा प्रवाह वळविला गेला, गावे उठून दुसरीकडे गेली, आणि २०२५ च्या डिसेंबरात तेथून विमाने उडू लागली. एका मनुष्याच्या आयुष्यात शेताचे शहर व्हावे, ही कोणत्या तिलिस्माहून कमी जादू आहे? हिचेही मोल कोणी तरी दिलेच. २०१७ च्या ऑगस्टात तळोज्याच्या कारखान्यांच्या परिसरात निळ्या रंगाची कुत्री हिंडताना लोकांनी पाहिली. रंगाचे सांडपाणी कासाडी नदीत जात होते, त्या पाण्याचा तो प्रताप. निळी कुत्री कोणा मुलाने निबंधात लिहिली असती, तर मी त्यावरही ‘विषय सोडून’ असा शेरा मारला असता!

सुधारणेस माझा विरोध आहे असे कृपा करून समजू नये. रुग्णालये आली, रेल्वे आली, आगरी-कोळ्यांच्या मुली पदवीधर झाल्या. हे सारे घटिकापात्र बुजवून ठेवले असते तर झाले नसते. माझे म्हणणे एवढेच की, गेलेल्या वस्तूचे दुःख मुलाच्या मनात असते, आणि ते सांगण्यास त्याच्याजवळ सरळ शब्द नसतात. मग तो एक किल्ला बांधतो. त्या किल्ल्यात त्याने काय ठेविले आहे, हे आपण पाहावयास नको काय? आम्ही शिक्षक ऱ्हस्वदीर्घ पाहतो, पालक गुण पाहतात, आणि शेत कोणाचे हे विचारण्यास कोणासच सवड नसते.

पालकहो, रागावणार नसाल तर आणखी एक सांगतो. काळाची फुकट जादू केवळ मुलांनाच हवी असते असे नाही. पाचवीतील मुलास आजच दहावीची तयारी करावयास लावणारे आपण, मूल आजच्या आज मोठे व्हावे म्हणून त्याच्या बालपणाची पाने दोन-दोन उलटणारे आपण, हे कोणत्या किल्लेदाराहून वेगळे आहोत? त्याने भोक मेणाने बुजविले. आपण ते खिळ्याने मोठे करीत आहोत. दोन्ही पात्रे सारखीच निरुपयोगी. घटिकापात्राचे भोक कारागिराने ज्या मापाने पाडलेले असते, त्या मापानेच घटका भरते.

विद्यार्थिमित्रांनो, तुम्हांस माझे सांगणे असे आहे. किल्ले अवश्य बांधा. त्यांत जादू घाला, काळ थांबवा, मागे न्या, पुढे न्या. परंतु प्रत्येक जादूस एक प्रश्न विचारा: हिचे मोल कोण देतो? ज्या गोष्टीत या प्रश्नास उत्तर आहे, ती गोष्ट कितीही अद्भुत असली तरी खरी समजा. ज्या गोष्टीत उत्तर नाही, ती कितीही रंगतदार असली तरी वाचून झाल्यावर तिच्यातले काही तुमच्याजवळ उरणार नाही.

मी त्या विद्यार्थ्यास बोलावून हाच प्रश्न केला. फक्त जरा निराळ्या शब्दांत. म्हटले, “तुझ्या किल्ल्यात काळ थांबला आहे ना? मग त्या शेतातले भात पिकते कसे?”

तो गप्प राहिला. शेतकऱ्याच्या घरचे मूल ते. लोंबी भरावयास दिवस लागतात हे त्यास माझ्याहून अधिक ठाऊक. “नाही पिकत, सर,” तो म्हणाला, “हिरवेच राहते.” आणि वही घेऊन गेला.

चार दिवसांनी त्याने निबंध पुन्हा लिहून आणला. किल्ला तोच, खाडी तीच. फक्त शेवट बदललेला. शंभर वर्षे हिरवे शेत पाहून आजोबा कंटाळतात. ते देवडीवर जातात, किल्लेदाराची समजूत घालतात, आणि स्वतःच्या नखाने पात्राचे मेण काढून टाकतात. पाणी आत येते. पात्र बुडते. शेत पिवळे होते, कापणी होते, आणि ओहोटीची वाट उघडी आहे तोवर आजोबा बियाण्याची एक गाठोडी नातवाच्या हाती देऊन म्हणतात, जा. नातू बाहेर येतो, तेव्हा मागे किल्ला नसतो. गाठोडी मात्र हातात असते.

या वेळी मी किती गुण दिले ते येथे सांगत नाही. पहिल्या पानावरील ‘विषय सोडून’ हा शेरा मात्र माझ्या हाताने खोडला, आणि त्याखाली सही केली. वही घरी नेऊन वडिलांना वाचून दाखव, असे त्यास सांगितले. त्याने ती वाचून दाखविली. दुसऱ्या दिवशी त्याने मला सांगितले की, बाबांनी एक चूक काढली: पेरावयाचे भात गाठोडीत नव्हे, कणगीत ठेवतात, आणि मग रात्री उशिरापर्यंत ते त्यास बांध कसा घालीत, उघाडी केव्हा उघडीत, कोणत्या जातीचे भात खारीत येई, हे सांगत बसले होते.

दहावीचा अभ्यास त्या रात्री थोडा मागे पडला असेल. तेवढा वेळ बापलेकांनी एकमेकांसाठी सोडवून घेतला, असे मी समजतो. आपल्या प्रत्येक घरी अशी एखादी रात्र परमेश्वर देवो.